पडद्याखालची अक्षरं

वॉटफर्ड
३ फेब्रुवारी २०२४

प्रिय प्रबुद्ध,

जय भीम, आणि पाठीत एक धपाटा. ख्रिसमसला नुसतं कार्ड पाठवतोस आणि त्यातही चारच ओळी. बेल्जियममध्ये शाई मिळत नाही का?

हातानं का लिहितेय ते आधी सांगते. माझा नवा फोन दादानं सेट करून दिला आणि कसा कोण जाणे, तो त्याच्या आयपॅडला जोडून ठेवलाय. मला मेसेज आला की दोन गल्ल्या पलीकडे तुझ्या बाबांच्या फ्रंट रूममध्येही टिंग वाजतं. मुद्दाम केलं असं मी म्हणत नाही. रेल्वेत छत्तीस वर्षं सिग्नल सांभाळले, सगळं एकमेकांना जोडून ठेवायची त्याला सवयच आहे. पण तुझ्याशी मला टिंग न वाजता बोलायचंय. म्हणून पोस्टानं. मराठी लिहायला विहाराच्या संडे क्लासमध्ये मीच तुला शिकवलंय, तेव्हा विसरलो म्हणू नकोस.

मागच्या आठवड्यात शेजारच्या रचनानं, ती डेंटिस्ट, मला तुझी पोलिसांची मालिका दाखवली. ती म्हणे वर्षभरापासून इकडेही दिसते. तू प्रेतं तपासणारा डॉक्टर, चष्मा कपाळावर चढवलेला. चाळीस वर्षं नर्सिंग केलेली बाई म्हणून सांगते, ग्लव्ह्ज तू चुकीचे काढतोस. पण समोरचा बोलत असताना तू मान जराशी डावीकडे कलवतोस ना, ती शशीवहिनीची, तुझ्या आईची सवय. ती गेली तेव्हा तू नऊ वर्षांचा होतास, तुला आठवतही नसेल. मला रडूच आलं. रचना म्हणाली, "मावशी, हा कॉमेडी सीन आहे."

दादा अठ्ठ्याहत्तर पूर्ण झाला. तब्येत ठीक आहे, निदान तो तरी तसं म्हणतो. दर मंगळवारी एक बॅग आणि थर्मास घेऊन जातो. कुठे विचारलं की "कौन्सिलची मीटिंग". कुठली मीटिंग दर आठवड्याला दोन तास चालते? मला शंका आहे, पण ते पुढे कधी.

एकोणीस वर्षं तुम्ही बापलेक बोललेला नाहीत. मध्ये पडायचं नाही असं मी दर वर्षी ठरवते. तर या वर्षी एवढंच विचारते, की कमिटीतला श्रीकांत म्हणत होता, चौदा एप्रिलला प्रबुद्ध येईल का, गाईल का? विचारते म्हटलं. विचारलं.

तुझी,
गया आत्या


लिएज
१७ फेब्रुवारी २०२४

प्रिय आत्या,

तुझा पत्र बसमध्ये वाचला. दोन स्टॉप पुढे गेलो. माझी मराठी गंजली आहे, हसू नको. फ्रेंचमध्ये प्रत्येक वस्तू बाई असते नाहीतर पुरुष. तिसरं काही नसतं. म्हणून माझा घोटाळा होतो.

ग्लव्ह्जचं सॉरी. पण आता सुधारून उपयोग नाही, मालिका संपला. शेवटच्या एपिसोडला डॉक्टर लिफ्टमध्ये मेला. लहान मुलांच्या गाण्यांचा प्रोग्रॅम सहा वर्षं केला, तो पण बंद झाला. सध्या सकाळी एका कार्टूनमधल्या पाणमांजराला आवाज देतो आणि शनिवारी चौघांच्या बँडमध्ये डबल बेस वाजवतो. मधल्या दिवशी फोनकडे बघतो. लोक विचारतात, तू नक्की म्युझिशियन की ॲक्टर? मी म्हणतो, सकाळी ज्याचं फोन येईल ते.

कधीकधी वाटतं, पंधराव्या वर्षी शाळेच्या एक्स्चेंजवर इथे आलो नसतो तर? वॉटफर्डमध्ये मला सगळे विचारायचे, तू खरा कुठला? इथे ज्या घरी राहिलो तिथे कुणी विचारलं नाही. माझं फ्रेंच एवढं वाईट होतं की विचारून फायदा नव्हता. मला ते फार आवडलं होतं.

आता बातमी. एक सिनेमा आहे, आत्या. मोठा. आणि मेन रोल माझा. पोस्टरवर माझं चेहरा असेल. जूनमध्ये शूटिंग आहे, आणि कुठे माहीत आहे? मेडनहेडला! ट्रेननं आलीस तर सेटवर चहा पाजतो. अजून सही व्हायची आहे, म्हणून जास्त सांगत नाही. एप्रिलमध्ये रिहर्सल असतील, जयंतीचं जमणार नाही वाटतं.

बाबांना सांगू नकोस. किंवा सांग. मला कळत नाही.

तुझा,
प्रबुद्ध


वॉटफर्ड
४ मार्च २०२४

प्रिय प्रबुद्ध,

ते पत्र. ती मालिका. तो फोन. तो चेहरा. बाकी पास.

मेन रोल! मी पत्र घेऊन रचनाकडे गेले, तिथून श्रीकांतला फोन केला, आणि मग सरळ दादाकडे. सांगू नकोस म्हणालास, पुढे सांग म्हणालास. मी दुसरं वाक्य धरलं.

तो मेथी निवडत बसला होता. मी म्हटलं, "प्रबुद्धला मोठा सिनेमा मिळालाय. हिरो आहे. मेडनहेडला शूटिंग आहे जूनमध्ये." निवडतच राहिला. सगळी जुडी निवडून झाली, देठं कागदात गुंडाळून बिनमध्ये टाकली, हात धुतले. मग म्हणाला, "पॅडिंग्टनहून एलिझाबेथ लाइन. थेट जाते." एवढंच. पण प्रबुद्ध, एकोणीस वर्षांत तुझं नाव निघाल्यावर तो खोलीतून उठून गेला नाही, असं हे पहिल्यांदा झालं.

आता दुसरी गोष्ट, ती मला नीट झोपू देत नाही. दादाचं काहीतरी बिनसलंय. बाथरूममध्ये दाढी करताना तो पुटपुटतो. परवा मी दाराबाहेर उभी राहून ऐकलं. शब्द मराठी नाहीत, इंग्रजी नाहीत, हिंदी नाहीत. जसं ऐकलं तसं लिहून काढलं, वॉर्डात पेशंटचं लिहायचे तसं: "झे. त्यू आ. इला. नूझावों. वूझावे." पुन्हा पहिल्यापासून तेच. मध्येच चिडतो आणि कपाळावर हात मारतो. छोटा स्ट्रोक येऊन गेलेल्या माणसाची वाचा अशी होते, मी डोळ्यांनी पाहिलंय. मंगळवारची मीटिंग म्हणजे मेमरी क्लिनिक असणार. मला सांगत नाही, कारण मी पाठ सोडणार नाही हे त्याला ठाऊक आहे. मी जीपी डॉक्टरची अपॉइंटमेंट घेतलीय, बाराव्या तारखेची.

तू लांब आहेस, तुला घाबरवायचं नव्हतं. पण तो तुझा बाप आहे, तुला कळायला हवं.

गया आत्या


लिएज
९ मार्च २०२४

आत्या,

अपॉइंटमेंट कॅन्सल कर. आत्ताच्या आत्ता. बाबांना काहीही झालेलं नाही.

तू लिहिलेलं मी मोठ्यानं वाचलं. झे, त्यू आ, इल आ, नूझाव्हों, वूझाव्हे. म्हणजे "माझ्याकडे आहे, तुझ्याकडे आहे, त्याच्याकडे आहे, आमच्याकडे आहे, तुमच्याकडे आहे." हे फ्रेंच आहे, आत्या. फ्रेंचच्या पहिल्या महिन्यात पोरांकडून हेच घोकून घेतात. बाबा फ्रेंच शिकतायत.

मी किचनमध्ये उभा होतो. शेगडी बंद केली आणि खाली फरशीवर बसलो.

कपाळावर हात का मारतात तेही सांगतो. तू पाचांवर थांबलीस, शेवटचं एक राहिलं, "त्यांच्याकडे आहे". ते त्यांना आठवत नसणार. मला पण आठवायचं नाही.

मला माहीत आहे हे त्यांना कळू देऊ नकोस, प्लीज. त्यांना कधी सांगायचं ते सांगू दे. फक्त मला कळव, अजून काय पुटपुटतात. प्रत्येक शब्द लिही, चुकीचा ऐकू आला तरी चालेल.

आणि तुझी मराठी दुरुस्ती मी भिंतीवर लावली आहे.

तुझा,
प्रबुद्ध


वॉटफर्ड
२ एप्रिल २०२४

प्रबुद्ध,

आज जय भीम नंतर, आधी विचारते. तू मला का सांगितलं नाहीस?

आज मंगळवार. दादा क्लासवरून सरळ माझ्याकडे आला, कोट न काढता बसला आणि बॅगेतून एक कागद काढला. लायब्ररीच्या कंप्यूटरवरून छापून आणलेली फ्रेंच पेपरातली बातमी. तुझा फोटो, हातात झाडू. त्यानं बोट ठेवून एकेक ओळ वाचली आणि मला मराठीत सांगितली. एकोणीस वर्षांनंतर "मुन्ना झाडूवाला" परत येतोय. या वेळी लंडनच्या साहेबाच्या बंगल्यावर. प्रबुद्ध रामटेके म्हणतो, मला आनंद आहे.

मी म्हटलं, "दादा, तुझं भाषांतर चुकलं असेल." तो म्हणाला, "डिक्शनरीत पाहिलं, गया. दोनदा."

मी लोकांना पेढे वाटले, प्रबुद्ध.

आता तुला एक गोष्ट सांगते, जी आजवर सांगितली नाही. दोन हजार पाचमध्ये मुन्नाचा तो पहिला सिनेमा आला. दादानं हॉल बुक केला, प्रोजेक्टर आणला, स्वतःच्या हातानं साठ आमंत्रणं लिहिली. तू पहिल्या रांगेत होतास. पडद्यावर तू वाकून, एक हात कमरेवर ठेवून, पाय ओढत चाललास आणि सगळा हॉल हसला. आपलीच माणसं हसली. चार पोरं मधल्या वाटेत तशीच चालायला लागली. दादा उठून गेला. नंतर त्यानं तुला फोनवर एकच वाक्य ऐकवलं, "ती चाल तुझी नव्हती," आणि फोन ठेवला. इथपर्यंत तुला माहीत आहे.

मी त्याच्या मागून बाहेर गेले होते. तो कार पार्कमध्ये भिंतीला धरून उभा होता. तुझ्या आजोबांनी नागपूरला म्युनिसिपालिटीत झाडू मारला. दादा शाळेतून त्यांना डबा न्यायचा, आणि रस्त्यावरची पोरं त्यांच्या मागून तशी चाल करत चालायची. दादा आठ वर्षांचा होता, डब्याची कडी घट्ट धरून उभा राहायचा. मला वाटलं, तो तुझ्यावर चिडलाय. पण तो मला काय म्हणाला ठाऊक आहे? "गया, त्याला ती मीच शिकवली. आजोबा कसे चालायचे म्हणून लहानपणी मीच त्याला करून दाखवली. मला काय गरज होती?"

तो तुझ्यापेक्षा स्वतःवर जास्त रागावला होता. तेव्हाच तुला हे सांगायला हवं होतं. चूक माझी.

आज जाताना फ्रेंचचं पुस्तक माझ्याच टेबलावर ठेवून गेला. विसरला की ठेवून गेला, मला सांगता येत नाही.

गया आत्या


लिएज
९ एप्रिल २०२४

प्रिय आत्या,

तीन वेळा लिहिलं आणि फाडलं. हे चौथं.

मला माहीत होतं. ती चाल कुणाची आहे हे मला तेव्हाही माहीत होतं. मी सत्तावीस वर्षांचा होतो. तोपर्यंत लग्नात बेस वाजवायचो, मेट्रो स्टेशनमध्ये गायचो, एका जाहिरातीत करीच्या डब्यामागे उभा राहिलो होतो. ऑडिशनला डायरेक्टर म्हणाला, "चालून दाखव." मी चाललो. तो नुसता बघत होता. मग मला आठवलं, बाबा बेडरूममध्ये माझ्या पलंगापासून खिडकीपर्यंत कसे चालले होते. तसा चाललो. सगळी खोली हसली, आणि मला मुन्नाचा तो छोटा रोल मिळाला.

बाबांनी ते हसवायला दाखवलं नव्हतं. मी सात वर्षांचा होतो, तरी एवढं कळलं होतं. हॉलमध्ये त्यांची खुर्ची मागे सरकली तो आवाज मी ऐकला. वळून पाहिलं नाही. फोनवर त्यांनी जे म्हटलं त्यावर मी आठवडाभर रागावून राहिलो, कारण ते बरोबर होतं. मग आठवड्याचा महिना झाला.

इथे अजूनही लोक मला रस्त्यात थांबवतात. मुन्ना, जरा चालून दाखव. मी पाच पावलं चालतो. समजावण्यापेक्षा ते सोपं पडतं.

आणि आता दुसरा भाग. तुला सांगितलं नाही कारण तू काय म्हणशील ते माहीत होतं. सेहेचाळीस वर्षांचा आहे मी. मालिका गेली, प्रोग्रॅम गेला, आणि मला मेन रोलला कुणी कधी बोलावलं नव्हतं. आनंद झाला असं मी पेपरवाल्याला सांगितलं ते खोटं नव्हतं. म्हणून तर जास्त वाईट वाटतं. सही अजून केलेली नाही. मेमध्ये करायची आहे.

बाबांना वेगळं पत्र पाठवतोय. फ्रेंचमध्ये. हे सगळं मराठीत सांगायला मला शब्द पुरत नाहीत, आणि इंग्रजीत आम्ही फक्त भांडलो आहोत. सोपी वाक्यं लिहिली आहेत. ते पुस्तक त्यांना परत नेऊन दे.

तुझा,
प्रबुद्ध


वॉटफर्ड
१२ मे २०२४

चि. प्रबुद्ध,

जय भीम.

तुझं फ्रेंच पत्र मिळालं. वाचायला अडीच दिवस लागले. गया मदत करू का म्हणत तीनदा येऊन गेली. तिला फ्रेंच येत नाही, तेव्हा ही मदत कोणत्या प्रकारची असणार होती ते मला कळलं. दोन ठिकाणी क्रियापदाचं असं रूप आहे जे आम्हाला अजून शिकवलेलं नाही. तिथे मी अंदाज केला.

तू मला "त्यू" लिहिलं आहेस, म्हणजे "तू". जन्मात तू मला "तुम्ही" सोडून काही म्हणाला नाहीस. मी क्लासच्या बाईंना विचारलं. त्या म्हणाल्या, तिकडे मुलं वडिलांना असंच म्हणतात, उलट "वू", म्हणजे "तुम्ही" म्हटलं तर परकं वाटतं. मला चालेल.

क्लास गेल्या सप्टेंबरपासून करतोय. आम्ही नऊ जण आहोत. फ्रान्समध्ये घर घ्यायचं नाही असा त्यात मी एकटाच. बाईंनी पहिल्या दिवशी कारण विचारलं तेव्हा मी सांगितलं, प्रवासासाठी. ते खरं नव्हतं.

तुझ्या मालिकेचे तिन्ही सीझन मी पाहिले. गयाच्या फार आधी. खाली इंग्रजी अक्षरं धावत असतात. ती वाचायला गेलं की तुझा चेहरा सुटतो. चेहऱ्याकडे पाहिलं की तू काय म्हणालास ते सुटतं. एक सीन मी सहा वेळा मागे घेतला. मग विचार केला, हे असं किती दिवस करणार? त्यापेक्षा भाषा शिकलेली बरी.

मागच्या आठवड्यात तो जुना सिनेमा पुन्हा लावला, अक्षरं बंद करून. मला आशा होती की शब्द कळले तर माझीच चूक निघेल. तसं झालं असतं तर फार बरं वाटलं असतं. नाही झालं. तो सिनेमा वाईटच आहे. तुझ्या आजोबांची कंबर मोडलेली होती, त्यात हसण्यासारखं काही नव्हतं. पण शेवटी तू जिन्यात बसून एक गाणं म्हणतोस, एकटाच, कुणी ऐकत नसताना. ते मी कधी ऐकलंच नव्हतं. त्याच्या आधीच मी हॉलमधून उठून गेलो होतो. तुझा आवाज खालच्या पट्टीत इतका भरलेला आहे हे मला माहीत नव्हतं. मी ते चार वेळा ऐकलं.

तू लिहिलंस की मी बरोबर होतो. तेवढं सांगायला मला एक दिवस पुरला असता. उरलेली एकोणीस वर्षं मी वाया घालवली. तुझी आई असती तर तिनं मला घरात टिकू दिलं नसतं.

नवा सिनेमा करायचा की नाही ते तू ठरव. मी नको म्हणणार नाही. मी पेन्शन खाणारा माणूस आहे, तुझं पोट तुझ्या कामावर आहे. केलास तरी मी पत्राचं उत्तर देईन.

तब्येतीला जप.

बबन रामटेके
(तुझे बाबा)


लिएज
३० मे २०२४

प्रिय आत्या,

बाबांचं पत्र आलं. शेवटी कंसात "तुझे बाबा" लिहिलंय, मला ओळख पटावी म्हणून! ते पत्र मी बेसच्या केसमध्ये ठेवलंय. रिहर्सलच्या आधी वाचतो.

सिनेमा सोडला. वाटलं होतं तसं धडाक्यात नाही झालं. आधी मी त्याच जुन्या डायरेक्टरला म्हटलं, रोल करतो, पण ती चाल नाही. तो चांगला माणूस आहे, ओरडला नाही. म्हणाला, "प्रबुद्ध, लोक तिकीट त्या चालीसाठीच काढणार." मी म्हटलं, "मग ती मला देता येणार नाही. ती माझी नाही." तो म्हणाला, "मग कुणाची?" मला सांगता आलं नाही, आत्या. एकोणीस वर्षं त्या माणसाला ओळखतो, तरी. मी नुसती मान हलवली आणि आलो. रोल आता दुसऱ्याला गेला. एजंट माझ्याशी बोलत नाही. मी बरा आहे असं म्हणणार नाही, दोन आठवडे घरातच होतो. पण झोप लागते.

पाणमांजराचा दुसरा सीझन मात्र येतोय. आणि बँडसाठी काही नवी गाणी करतोय.

ऑगस्टमध्ये दहा दिवस येतो. पंधरा तारखेला. स्टेशनवर कुणी यायचं नाही, सांग बाबांना. मी मोठा झालोय.

तुझा,
प्रबुद्ध


वॉटफर्ड
२७ ऑगस्ट २०२४

प्रिय प्रबुद्ध,

घर रिकामं झालं. रचनाची ईशिता येऊन विचारून गेली, ढोलकीवाला काका परत कधी येणार? रविवारी हॉलमध्ये तू तिला मांडीवर बसवून ठेका शिकवलास, तेव्हापासून ती घरातल्या डब्यांवर वाजवतेय आणि रचना मला दोष देतेय.

तू येणार त्या दिवशी स्टेशनवर यायचं नाही असं मी दादाला सांगितलं होतं. गाडीच्या दीड तास आधी तो तिथे जाऊन उभा होता. तुम्ही दोघं घरी आलात तेव्हा मी वाट पाहत होते, काय बोलले असतील, रडले असतील का. दारातून आत येताना तुमचं चाललं होतं की अंडरग्राउंडचा कोणता दरवाजा पकडला की जिन्याजवळ उतरता येतं! माझी सगळी भाजी करपली.

पुढचे दहा दिवस तुम्ही माझ्या किचनमध्ये फ्रेंचमध्ये वाद घातलेत. मला एक अक्षर कळत नव्हतं. दादा एक वाक्य बोलायला एवढा वेळ लावायचा की मध्ये माझी पोळी भाजून व्हायची, आणि तू थांबायचास. तू लहानपणी कुणासाठी थांबत नव्हतास.

आता खरं विचारायचंय ते. निघायच्या दिवशी सेंट पॅन्क्रास स्टेशनवर मी कॉफी आणायला गेले होते. परत येताना लांबून पाहिलं. दोन मुलांना घेऊन एक बाई तुझ्यासमोर उभी होती. ती हसत होती, मुलं उड्या मारत होती. मग दादा पुढे झाला आणि तिला काहीतरी म्हणाला. बाईचं हसू गेलं, तिनं हात तोंडावर ठेवला. मला वाटलं, झालं, यानं भांडण उकरलं. मी घाईनं चालायला लागले, कॉफी सांडली. तर काय, दादा शाळामास्तरासारखा बोट वर करून काही सांगतोय आणि ती बाई त्याच्यामागून म्हणतेय, मुलंही म्हणतायत. मी पोचेपर्यंत ते गेले होते. तू डोळे पुसत होतास आणि लगेच तुझं गेट बंद व्हायची वेळ झाली.

घरी येताना दादाला विचारलं. "काही नाही, व्याकरण," म्हणाला. मला हे व्याकरण समजावून सांग.

तुझी,
गया आत्या


लिएज
२ सप्टेंबर २०२४

प्रिय आत्या,

सांगतो. नीट सांगतो, म्हणून थोडा वेळ घेतला.

ती बाई इकडच्याच नामूर गावची होती, सुट्टी संपवून घरी चालली होती. तिनं मला ओळखलं. "मुन्ना! हे बघा रे, मुन्ना!" आणि मग नेहमीचं, "मुलांसाठी एकदा चालून दाखवा ना." आत्या, तुला खरं सांगतो, मी बॅग खाली ठेवली. बाबा शेजारी उभे असताना. डायरेक्टरला नाही म्हणालो होतो, पण समोर दोन मुलं हसत उभी होती आणि माझा हात सवयीनं कमरेकडे निघाला होता.

बाबांनी माझं मनगट धरलं. जोरात नाही. रस्ता ओलांडताना धरायचे तसं. आणि तिच्याशी फ्रेंचमध्ये बोलले. त्यांना अजून लहान लहान वाक्यंच येतात, तू ऐकलंच आहेस. म्हणाले, "मादाम, ही चाल माझ्या वडिलांची आहे. ते रस्ते झाडत होते. एकतीस वर्षं. त्यांची कंबर दुखत होती. हा माझा मुलगा आहे. हा फार छान गातो."

आवाज चढवला नाही. सगळी वाक्यं सावकाश, पाहुण्याला पत्ता सांगावा तशी. मी हे डायरेक्टरला सांगू शकलो नव्हतो. एकोणीस वर्षं कुणालाच सांगू शकलो नव्हतो. मला फ्रेंचमध्ये हजारो शब्द येतात.

बाईनं तोंडावर हात ठेवला. मला वाटलं आता ती निघून जाईल. तिनं मुलांना जवळ घेतलं आणि बाबांना विचारलं, "तुमच्या वडिलांचं नाव काय होतं?"

आत्या, हे मला कुणी कधी विचारलं नव्हतं. मुन्नाचं नाव सगळ्यांना ठाऊक आहे.

बाबा म्हणाले, "कचरू. कचरू रामटेके."

तिनं म्हणून पाहिलं, पण "र" घशातून काढला, इथे काढतात तसा. बाबा म्हणाले, "नों, मादाम. जीभ वर लावायची." आणि बोट वर करून दाखवलं. ती पुन्हा म्हणाली, पुन्हा चुकली. मोठी मुलगी हसायला लागली तर तिलाही म्हणायला लावलं, धाकट्यालाही. गेटवरचा माणूस मला हात करत होता. बाबांना काही घाई नव्हती.

तिसऱ्यांदा तिघांनी मिळून म्हटलं, अगदी बरोबर, नागपूरला म्हणतील तसं. आजूबाजूच्या चारपाच लोकांनी वळून पाहिलं. बाबांनी तिचे आभार मानले, मुलांच्या डोक्यावर हात ठेवला आणि माझी बॅग स्वतः उचलून गेटपर्यंत आणून दिली.

तुझा,
प्रबुद्ध